सह्याद्रीची मुख्य धार आणि जुन्या कागदांतील ‘घाट’

जुन्या कागदांत ‘घाट’ हा शब्द इतक्या वेळां येतो कीं, वाचणारा त्यावर थांबत नाहीं. फौज घाट उतरली, घाटावर चौकी बसविली, घाटाखालील मुलूख ताब्यांत घेतला, एवढें वाचून तो पुढें जातो. आणि मनांत मात्र नकाशावरील उत्तर-दक्षिण जाणारी एक रेघ आणतो. ती रेघ ओलांडली म्हणजे कोंकण, न ओलांडली म्हणजे देश, अशी ही सोपी समजूत आहे. या समजुतीनें कागद लावूं गेल्यास कांहीं ठिकाणीं स्थलनिर्णय चुकतो, आणि स्थल चुकलें म्हणजे माणसें व प्रसंग यांचीहि सांगड चुकीची बसते. म्हणून सह्याद्रीची जी मुख्य धार म्हणतात ती वस्तुतः कशी आहे, हें येथें संग्राहकांच्या व अभ्यासकांच्या सोयीसाठीं सांगण्याचें आम्हीं योजिलें आहे. किल्ल्यांचीं वर्णनें अनेकांनीं केलीं आहेत. तीं आम्ही पुन्हां करीत नाहीं.

प्रथम नांवाविषयीं दोन शब्द. नाशिकच्या लेण्यांत पुळुमावीच्या १९ व्या राज्यवर्षीं कोरलेला गौतमी बलश्रीचा जो लेख आहे, त्यांत गौतमीपुत्र सातकर्णीस ज्या पर्वतांचा स्वामी म्हटलें आहे त्यांत सह्य व मलय हीं नांवें वेगवेगळीं आलेलीं आहेत. पुराणांतील सात कुलपर्वतांतहि हे दोन निरनिराळेच आहेत. तापीच्या दक्षिणेपासून कन्याकुमारीपर्यंतचा सुमारे १,००० मैलांचा डोंगर एकच मानण्याची चाल अलीकडील आहे. प्राचीनांचा भेद निराधार नव्हता. पालघाटापाशीं हा डोंगर सुमारे २० मैल रुंदीची वाट सोडून अक्षरशः तुटतो, आणि संपूर्ण ओळींतील सर्वांत उंच शिखर अनैमुडी (८,८४२ फूट) या तुटीच्या दक्षिणेस आहे. ‘पश्चिम घाट’ हें नांव तर युरोपियनांनीं रूढ केलेलें. त्यांनीं चढण्याउतरण्याच्या वाटेचें नांव उचलून पर्वतास दिलें. आपल्या कागदांत घाट म्हणजे वाट, डोंगर नव्हे, हें येथेंच ध्यानांत ठेवावें. पुढील विवेचन बागलाणापासून गोमंतकाच्या सीमेपर्यंतच्या भागापुरतें, आणि त्यांतहि मुख्यतः महाराष्ट्रापुरतें आहे.

सह्याद्री हा दोन्ही बाजूंनीं चढत जाणारा डोंगर नाहीं, ही यांतील मुख्य गोष्ट. तो पठाराचा तुटलेला कांठ आहे. पुण्याहून लोणावळ्यास जाणारा मनुष्य सुमारे ४० मैल चालतो आणि एवढ्या चालींत अवघा २०० फूट चढतो. तो पर्वतावर आला असें त्यास कोणी सांगितल्याशिवाय कळत नाहीं. तोच खंडाळ्यापुढें सरकला कीं पायाखालून भूमि नाहींशी होते आणि सुमारे १,८०० फूट खालीं कोंकण दिसूं लागतें. कोंकणांतून पाहणारास हीच वस्तु आकाशास भिडलेली भिंत वाटते. देशावरील मनुष्य ‘घाटमाथा’ म्हणतो आणि कोंकणांतील मनुष्य ‘डोंगर’ किंवा ‘कडा’ म्हणतो, यांत विसंगति नाहीं. दोघेहि आपापल्या बाजूनें बरोबर बोलतात. कागद कोणत्या बाजूस लिहिला गेला हें यामुळें पुष्कळदां शब्दांवरूनच कळतें.

याचें कारण भूस्तरांत आहे. सुमारे ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं लाव्हाचे थरावर थर बहुतेक सपाट पसरून हें पठार झालें. पुढें पश्चिमेकडील भूमि तुटली, आणि कोंकणांतील आंखूड पण वेगवान् नद्या कांठ कुरतडीत कुरतडीत त्यास पूर्वेकडे हटवीत आल्या. तें काम अद्यापि चालू आहे. उल्हास नदीनें खंडाळ्याच्या बाजूस जी खोल दरी खणली आहे, ती या कुरतडण्याचा उत्तम नमुना होय. पठाराचा उतार मात्र पूर्वेकडे. म्हणून गोदावरी समुद्रापासून ५० मैलांवर त्र्यंबकास निघते, पण त्या समुद्राकडे पाठ फिरवून ९०० मैल चालून पूर्वसमुद्रास मिळते. कृष्णाहि महाबळेश्वरास, समुद्रापासून ४० मैलांवर, निघून तेंच करते.

आतां मुख्य धार म्हणून जी एक रेघ आपण कल्पितों, तिच्या पोटांत तीन रेघा आहेत. एक कड्याची, म्हणजे जेथें पठार तुटतें ती. दुसरी पाणढाळाची, म्हणजे जेथून पावसाचें पाणी दोन समुद्रांकडे वांटलें जातें ती. तिसरी उंच शिखरांची. भीमाशंकर, नाणेघाट अशा ठिकाणीं पहिल्या दोन रेघा जवळजवळ एकच असतात. एरव्हीं त्या एकमेकींस सोडून बऱ्याच दूर जातात. तिसरी तर बहुधा दोहोंपासून फटकूनच असते. महाराष्ट्रांतील सर्वांत उंच शिखर कळसूबाई (सुमारे ५,४०० फूट) मुख्य धारेवर नाहीं. कुलंग, मदन, अलंग या गडांची जी रांग धारेपासून पूर्वेकडे निघाली आहे तिच्यावर तें आहे. त्याच्या उत्तरेचें पाणी दारणेस व दक्षिणेचें प्रवरेस जातें, आणि या दोन्ही नद्या शेवटीं गोदावरीच्या. कळसूबाईवर पडलेला थेंब कोंकणांत उतरतच नाहीं. तोरणा, राजगड, सिंहगड, पुरंदर हे सर्व अशाच पूर्वेकडे गेलेल्या सोंडांवर आहेत. उलट रायगड आणि लिंगाणा धारेच्या पश्चिमेस, तिच्यापासून सुटे होऊन कोंकणांत उभे आहेत. स्वराज्याचे बहुतेक प्रसिद्ध किल्ले मुख्य धारेवर नव्हेत, तिच्या अलीकडेपलीकडे आहेत, हें नकाशा पुढें घेऊन कोणीहि पडताळून पाहावें.

उत्तरेकडे बागलाणांत हा भेद फारच स्पष्ट होतो. साल्हेर (५,१४१ फूट) आणि त्याच्या आसपासचे डोंगर मुख्य धारेशीं जोडलेले असले तरी तेथील पूर्वेकडे वाहणारें पाणी पूर्वसमुद्रास जात नाहीं. सुरगाण्याकडील केमच्या डोंगरांतून गिरणा पूर्वेस निघते, पुढें उत्तरेस वळते, तापीस मिळते आणि तापीबरोबर सुरतेकडे, म्हणजे पश्चिमसमुद्रासच जाते. खरा पाणढाळ तेथें मुख्य धार सोडून सातमाळ्याच्या रांगेनें पूर्वेकडे चालला आहे. १६७० सालीं दुसऱ्या वेळीं सुरत लुटून महाराज परत येत असतां दाऊदखानाशीं वणी-दिंडोरीस जो सामना झाला, त्यांतील कंचनबारी ही याच सातमाळ्यांतील खिंड होय. महाराज कोंकणपट्टी सोडून बागलाणांत वर आले होते. सह्याद्रीची धार त्यांनीं आधींच ओलांडली होती. त्यांस अडविण्याचें स्थान दाऊदखानानें निवडलें तें गिरणेचें खोरें आणि गोदावरीचें खोरें यांमधील दार होतें. कंचनबारीस सह्याद्रीचा घाट समजणारास चांदवडाहून निघालेला खान तेथें इतक्या लवकर कसा पोंचला याचा उलगडा होणार नाहीं. सातमाळ्यावर बोट ठेवलें कीं तो आपोआप होतो.

त्र्यंबकापासून रतनगड, हरिश्चंद्रगड, माळशेज, नाणेघाट, भीमाशंकर असें दक्षिणेस येतांना धार बरीच सरळ आहे, आणि तीविषयीं घोटाळाहि कमी होतो. नाणेघाटासंबंधानें एवढेंच सांगतों कीं, नागनिकेचा लेख तेथें घाटाच्या अगदीं माथ्यावर आहे. सोपारें व कल्याण या बंदरांहून जुन्नरास जाणारा तांडा ज्या जागीं चढ संपवून सपाटीस लागे, तेथेंच सातवाहनांनीं आपल्या यज्ञांची व दानांची नोंद कोरली. धारेचें महत्त्व त्यांस पक्कें ठाऊक होतें.

बोरघाटाजवळ मात्र थांबलें पाहिजे. या घाटांतून १८३० सालीं गाडीरस्ता व १८६३ सालीं लोहमार्ग झाला. त्यामुळें जुना रहदारीचा मार्गहि केवळ हाच असावा असें वाटतें. त्याच्या दक्षिणेस थोड्या अंतरावर कुरवंडें गांव आहे. इंद्रायणीचा उगम याच गांवाजवळ आहे, आणि येथूनच कुरवंड्याचा घाट कोंकणांत अंबा नदीच्या खोऱ्यांत उतरतो. म्हणजे आळंदी-देहूच्या नदीचा पहिला ओहळ आणि कोंकणची उतरण यांमध्यें अंतर असें जवळजवळ नाहींच. १६६१ च्या फेब्रुवारींत कार्तलबखान याच वाटेनें उतरला आणि उंबरखिंडींत कोंडला गेला. आतां ही उंबरखिंड कोठें? घाटाच्या माथ्यावर नव्हे, घाटांतहि नव्हे. घाट उतरून गेल्यावर खालीं, चावणीजवळ. खानाची फौज धार सुखरूप ओलांडून गेली होती, आणि मग तिचें मागें फिरणेंहि अशक्य झालें, कारण मागें ती भिंत उभी होती. ‘खिंड’ या शब्दावरून ती जागा माथ्यावर कल्पिली तर या डावाचें सर्व मर्मच नाहींसें होतें.

याहून मोठा घोटाळा जावळींत होतो. महाबळेश्वराच्या माथ्यावरून कृष्णा व वेण्णा पूर्वेस, सावित्री पश्चिमेस बाणकोटाच्या खाडीकडे, आणि कोयना दक्षिणेस जाते. ही कोयना विलक्षण आहे. ती धारेला समांतर सुमारे ४० मैल दक्षिणेस वाहून हेळवाकापाशीं पूर्वेस वळते आणि कऱ्हाडास कृष्णेला मिळते. त्यामुळें येथें एकाच्या जागीं दोन भिंती आहेत. पूर्वेची भिंत महाबळेश्वर व बामणोलीची रांग. पश्चिमेची भिंत प्रतापगडापासून मकरंदगड, वासोटा अशी गेलेली, आणि खरी मुख्य धार ती. दोहोंच्या मधली दरी म्हणजे जावळी. १६५९ सालीं अफझलखान वाईहून रडतोंडीचा घाट उतरून पारास आला. घाट उतरला म्हणून तो कोंकणांत आला असें नव्हे. तो कोयनेच्या दरींत, दोन भिंतींच्या मध्यें आला. कोंकणांत उतरावयाचें तर त्यास प्रतापगडाच्या पायथ्यावरून पुन्हां धार ओलांडून दुसरा घाट, पारघाट, उतरावा लागला असता. मोऱ्यांची जावळी १६५६ पर्यंत अजिंक्य कां मानली जात होती आणि ती हातीं येतांच महाराजांनीं प्रतापगडाची जागा नेमकी तेथेंच कां पसंत केली, या दोन्ही प्रश्नांचें उत्तर या दुहेरी भिंतींत आहे. रडतोंडी आणि पारघाट हे दोन्ही ‘घाट’च, पण एक आंतल्या भिंतीचा, दुसरा बाहेरच्या भिंतीचा. त्या प्रदेशाच्या कागदांत नुसतें ‘घाटाखालीं’ असें आलें तर कोणत्या घाटाखालीं, हें विचारल्यावांचून पुढें जातां कामा नये.

पन्हाळ्याहून विशाळगडास १६६० च्या जुलैंत झालेला प्रवास असाच पाहावा. पन्हाळा पूर्वेकडील सोंडेवर, विशाळगड पश्चिमेच्या कांठावर. सर्व वाट घाटमाथ्याची आहे, आणि बाजीप्रभूनें लढविलेली घोडखिंड कासारीच्या उगमाकडील भागांत आहे. त्या रात्रीं कोणताहि घाट उतरावयाचा नव्हता.

आंबोलीच्या दक्षिणेस तर कड्याची रेघ व पाण्याची रेघ यांची फारकतच होते. आंबोलीस निघणारी हिरण्यकेशी अजून पूर्वेस जाते. पण पुढें तिल्लारी पठारावर निघून पश्चिमेस कोसळते. म्हादई बेळगांव जिल्ह्यांत निघून गोव्यांत उतरते आणि पणजीस समुद्राला मिळते. आणखी दक्षिणेस काळी व शरावती या नद्या पठारावर दूरवर वाहून मग कडा फोडतात. शरावती गिरसप्प्यास ८३० फूट खालीं पडते, तेथें पाणढाळ कड्यापासून कित्येक मैल पूर्वेस राहिला आहे. बेळगांवच्या आसपास काळ्या लाव्हाचा प्रदेश संपून जुना खडक लागतो, हेंहि या फरकाबरोबर लक्षांत ठेवण्यासारखें आहे. म्हादईच्या पाण्यावरून तीन राज्यांत वाद झाला आणि लवादानें २०१८ सालीं निवाडा दिला. पाणढाळ व राज्याची सीमा एक नसली म्हणजे असे वाद उत्पन्न व्हावयाचेच. जुन्या सीमांच्या महजरांतहि ‘धार’ व ‘पाणढाळ’ हे दोन शब्द एकार्थी धरूं नयेत. एकीकडे डोंगराचा माथा पाहिला जातो, दुसरीकडे पाण्याचा ओघ, आणि वादी-प्रतिवादींच्या जमिनी बहुधा नेमक्या या दोहोंच्या मधल्या पट्ट्यांतच असतात.

आतां शब्दांकडे वळूं. मुख्य धारेवरील मोठी, बैल जाईल अशी वाट ती घाट. माणसानेंच उतरावें अशी दगडधोंड्यांची घळ ती नाळ, जशी बोराट्याची नाळ. सोंडेंतून एका खोऱ्यांतून दुसऱ्या खोऱ्यांत जाण्याची फट ती खिंड, आणि बागलाण-खानदेशाकडे तीच बारी. सेलबारी, डोलबारी, कोंडाईबारी हीं नांवें त्याचीं साक्षी आहेत. परंतु हा नियम लोखंडी समजूं नये. कात्रजचा घाट, दिवेघाट, खंबाटकीचा घाट हे सर्व सोंडांवरील आहेत, मुख्य धारेशीं त्यांचा संबंध नाहीं, तरी ते घाटच. वऱ्हाडाकडील कागदांत व फारशी अखबारांत ‘बालाघाट’ आणि ‘पाईनघाट’ येतात, तेथील घाट म्हणजे अजिंठ्याच्या डोंगराचा कांठ. त्यास सह्याद्रीपर्यंत ओढून आणण्याचें कारण नाहीं. कोंकणांत ‘खलाटी’ म्हणजे समुद्राकडील सखल भाग व ‘वलाटी’ म्हणजे डोंगराच्या पायथ्याकडील भाग. या दोहोंचाहि मापदंड धारच.

खोऱ्यांचीं नांवें याहून उपयोगीं. मुख्य धारेपासून पूर्वेकडे सोंडा निघतात आणि दोन सोंडांमध्यें एकेक नदी वाहते. ती दरी म्हणजे पुण्याकडे मावळ किंवा खोरें, आणि जुन्नराकडे नेर. आंद्रेचें आंदर मावळ, पवनेचें पवन मावळ, मोशीचें मोसें खोरें, मुठेचें मुठें खोरें, वेळवंडीचें वेळवंड, कानंदीचें कानद, गुंजवणीचें गुंजण मावळ; तिकडे मीनेचें मीननेर, कुकडीचें कुकडनेर, भीमेचें भीमनेर, भामेचें भामनेर. प्रत्येक मावळ पश्चिमेस कड्यानें व दोन्ही अंगांस सोंडांनीं बंद आणि पूर्वेस तेवढें उघडें. म्हणून एकेका मावळास एकेक देशमुख घराणें, आणि त्या घराण्याच्या हातीं माथ्यावरील वाटा. मोसें खोऱ्यांत पासलकर, हिरडस मावळांत बांदल, रोहिडखोऱ्यांत जेधे, गुंजण मावळांत शिळीमकर, कानद खोऱ्यांत मरळ ही मांडणी डोंगरानेंच करून ठेविली होती. शेजारच्या दोन मावळांत सरळ अंतर चार कोसांचें असलें तरी मध्यें सोंड असल्यामुळें वहिवाट, तंटे व सोयरिकी निराळ्या चालत. देशमुखी वतनाचा कागद हातीं आला कीं प्रथम गांव न शोधतां तर्फ व खोरें शोधावें, असें आमचें मत आहे. एकाच नांवाचीं गांवें चार खोऱ्यांत सांपडतात. खोरें मात्र एकच.

हें मत आम्ही आग्रहानें मांडतों, कारण गांवावरून स्थल ठरविण्याचा मार्ग दिवसेंदिवस बंद होत चालला आहे. धारेच्या पूर्वेस, नेमक्या या खोऱ्यांच्या मुखाशीं, गेल्या सव्वाशें वर्षांत धरणें झालीं. वेळवंडीवर भाटघर, मुळेवर मुळशी, आंबीवर पानशेत, मोशीवर वरसगांव, कोयनेवर शिवसागर. वरसगांवच्या जलाशयास बाजी पासलकरांचें नांव दिलें आहे, आणि त्यांच्याच मोसें खोऱ्याचा तळ त्या पाण्याखालीं आहे. खोपोली (१९१५), भिवपुरी (१९२२) व भिरें (१९२७) येथील वीजघरांसाठीं पूर्वेकडे जाणारें पाणी नळांतून कोंकणांत सोडलें गेलें, आणि कोयनेचें पाणी बोगद्यानें पोफळीस नेऊन वाशिष्ठीच्या खोऱ्यांत सोडलें आहे. म्हणजे पाणढाळाची रेघ कांहीं ठिकाणीं माणसानेंच पश्चिमेकडून पूर्वेस सरकविली. मुळशीच्या लोकांनीं १९२१ पासून सेनापति बापटांच्या पुढारीपणाखालीं सत्याग्रह केला, तो या खोऱ्यांतील जमिनींसाठींच. धरण झालें आणि गांवें गेलीं.

बुडालेल्या गांवांतील लोक दूरच्या तालुक्यांत, कांहीं तर दूरच्या जिल्ह्यांत वसविले गेले आणि पुष्कळांनीं जुनें नांव बरोबर नेलें. आजचा नकाशा उघडून सतराव्या शतकांतील गांव शोधणारास तें नांव घाटमाथ्यापासून कित्येक मैल पूर्वेस, सपाट माळावर सांपडूं शकतें. कोयनाकांठचा महजर तेथें नेऊन ठेवला तर त्यांतील ‘कडा’, ‘नाळ’, ‘धार’ हे सारे शब्द निरर्थक होतील, आणि तशी चूक छापली गेली कीं पुढील अभ्यासक तिचाच आधार घेतील. यास्तव ज्यांच्या संग्रहांत जावळी, वेळवंड, मोसें, मुळशी या भागांतील दप्तरें असतील त्यांनीं यादी करतांना गांवाबरोबर तर्फ, नदी, दोन्ही अंगांच्या सोंडांचीं नांवें आणि जवळचा घाट एवढें तरी अवश्य टिपावें. स्थलांसाठीं १८८५ चे पुणें व साताऱ्याचे आणि १८८३ चें नाशिकचें गॅझेटियर पाहावें. त्या वेळीं यांतील बहुतेक खोरीं कोरडीं होतीं. खोऱ्यांतील म्हाताऱ्या माणसांस विचारण्याची सोय अद्यापि आहे. ओढ्यांचीं व नाळांचीं नांवें त्यांस ठाऊक असतात, आणि तीं कोणत्याहि छापील नकाशावर नाहींत.